स्लिपर रूमचा बर्लेस्क शो: पापण्या उतरवणारी बाई आणि डॉलरची दौलतजादा

आधी निकाल सांगते, मग बाकीचं. न्यूयॉर्कला येणार असाल, वय २१ च्या वर असेल आणि एक संध्याकाळ मोकळी असेल तर ब्रॉडवेचं एक तिकीट कमी काढा आणि लोअर ईस्ट साइडला स्लिपर रूम नावाच्या छोट्या थिएटरमध्ये जाऊन बर्लेस्क बघा, म्हणजे नाच, विनोद आणि सावकाश कपडे उतरवण्याचा खेळ. ब्रॉडवे वाईट आहे असं मुळीच नाही म्हणत, पण तिथं खिसा रिकामा करून अंधारात शहाण्यासारखं गप्प बसायचं असतं, आणि इथं गप्प बसलात तर स्टेजवरून तुमचीच खेचतात.

"अगं पण तिथं कपडे काढतात ना?" हा प्रश्न आमच्या न्यू जर्सीच्या अख्ख्या ग्रुपने मला विचारून झालाय, म्हणून एकदाच उत्तर देऊन टाकते. हो, काढतात. सगळे नाही, छातीवर दोन चमचमत्या टिकल्या चिकटवलेल्या असतात त्यांना पेस्टीज म्हणतात, त्या राहतात आणि खाली लंगोटीएवढं काहीतरी राहतं. पण खरं सांगू का, शेवटी काय उरलं याच्यात तिथं कुणालाच फार इंटरेस्ट नसतो, काढायला वेळ किती लावला आणि तो कसा लावला यावर टाळ्या पडतात. आम्ही गेलो त्या रात्री पन्नाशी ओलांडलेली एक बाई आली, चांगली भरलेली, आपल्याकडे जिला लग्नाच्या हॉलमध्ये सगळे "मावशी, बसा ना" म्हणून खुर्ची देतील अशी, आणि तिने कोपरापर्यंतचा सॅटिनचा एक हातमोजा काढायला अख्खं गाणं घेतलं. एकेक बोट सैल करायचं, मध्येच थांबायचं, समोरच्या टेबलावरच्या माणसाकडे बघून नुसत्या भुवईने "नको काढू का मग?" असं विचारायचं, तो बिचारा घसा फोडून "काढ काढ" ओरडतोय आणि ही तोच हातमोजा परत वर चढवतेय. शेवटी दाताने ओढून काढला तेव्हा लोक अक्षरशः उभे राहिले. एका हातमोज्यासाठी! बाकीचे कपडे तिने त्यानंतर दीड मिनिटात काढले असतील, ते कुणाच्या लक्षातसुद्धा नाही राहिलं.

तर हा सगळा खेळ वाट बघायला लावण्याचा आहे, आणि त्याहून जास्त म्हणजे चेष्टेचा आहे. कुणाची चेष्टा? तर बाईने कसं दिसावं, पुरुषाने कसं उभं राहावं, लाजावं कुणी आणि बघावं कुणी, या सगळ्याची.

जागेबद्दल थोडं. ऑर्चर्ड आणि स्टँटन स्ट्रीटच्या कोपऱ्यावर आहे, १९९९ पासून आहे, मध्ये नव्या बांधकामासाठी बंद होती मग परत उघडली. लहान आहे, लाल पडद्याचं जुन्या नाटक कंपनीसारखं छोटं स्टेज आणि तिथून हाकेच्या अंतरावर तुम्ही. ज्याने ही जागा सुरू केली तो जेम्स हॅबॅकर स्वतःही वेगवेगळी सोंगं घेऊन स्टेजवर येणारा माणूस आहे, म्हणजे धंदेवाईक मालकाने नाही तर नटाने काढलेलं दुकान आहे आणि ते जाणवतं. नव्वदच्या दशकात बर्लेस्क जेव्हा परत जिवंत झालं, कुणी आर्ट स्कूलमधून आलेलं, कुणी मॉडर्न डान्स शिकून कंटाळलेलं, कुणी ड्रॅगवाल्यांच्या (पुरुषाने बाईचं नाहीतर बाईने पुरुषाचं सोंग घेणाऱ्यांच्या) संगतीत वाढलेलं, त्या सगळ्या मंडळींना उभं राहायला जी थोडी स्टेजं मिळाली त्यातलं हे एक. डर्टी मार्टिनी, ज्युली अ‍ॅटलस मझ ही त्या पिढीतली मोठी नावं. डर्टी मार्टिनी तर चांगली धिप्पाड बाई, बॅले शिकलेली, आणि २००४ साली मिस एग्झॉटिक वर्ल्ड झाली, जो या लोकांचा सगळ्यात मानाचा किताब. तिच्यानंतर "अशा अंगाची बाई स्टेजवर?" हा प्रश्न या क्षेत्रात तरी कुणी तोंडावर विचारत नाही.

आता त्या किताबाची गंमत ऐका. कॅलिफोर्नियाच्या वाळवंटात हेलेन्डेल नावाचं गाव आहे, तिथं जेनी ली नावाच्या जुन्या नर्तकीने एका माजी शेळीपालनाच्या फार्मवर बर्लेस्कचं सामान गोळा करायला सुरुवात केली, पिसांचे पंखे, झगे, फोटो, पत्रं. ती १९९० मध्ये गेली आणि डिक्सी इव्हान्स नावाच्या तिच्या मैत्रिणीने, जी स्टेजवर मेरिलिन मन्रोची नक्कल करायची, तो सगळा पसारा हातात घेतला आणि लोकांनी इथवर यावं म्हणून स्पर्धा सुरू केली. शेळ्यांच्या फार्मवर सौंदर्यस्पर्धा! पुढे २००६ मध्ये हे सगळं लास व्हेगासला गेलं आणि आता त्याला बर्लेस्क हॉल ऑफ फेम म्हणतात. त्याच वर्षी पहिल्यांदा पुरुषालाही किताब दिला, टिगर नावाच्या कलाकाराला. आणि तिथल्या वार्षिक सोहळ्यात सत्तरी-ऐंशीतल्या जुन्या नर्तकी स्टेजवर येतात, ज्यांना लेजंड्स म्हणतात, आणि पंचविशीतल्या पोरी खाली उभ्या राहून रडत असतात. हे वाचलं तेव्हा मला आपल्याकडच्या म्हाताऱ्या तमाशा कलावंत आठवल्या, मानधनाच्या फायलीमागे तालुक्याला चकरा मारणाऱ्या. असो, त्यावर पुढे येतेच.

शोच्या आधी वेळ असेल तर लवकर जा आणि या भागात चाला. ह्यूस्टन स्ट्रीट आणि सेकंड अव्हेन्यूच्या नाक्यावर शंभर वर्षांपूर्वी मिन्स्की बंधूंचं नॅशनल विंटर गार्डन हे बर्लेस्कचं थिएटर होतं, इमारतीच्या सहाव्या मजल्यावर, स्लिपर रूमपासून चालत जाण्यासारखं. आजूबाजूला सगळी स्थलांतरितांची गरीब वस्ती, दिवसभर शिवणयंत्रावर वाकलेले कामगार संध्याकाळी मिन्स्कींकडे विनोदी प्रवेश आणि नाच बघायला जायचे. पोलिसांच्या धाडी पडायच्या, आणि असं सांगतात की खाली पोलीस दिसले की तिकीटवाला बटण दाबायचा आणि स्टेजजवळ लाल दिवा लागायचा, की पोरी लगेच सोवळ्यात. मग १९३७ मध्ये मेयर फिओरेलो लाग्वार्डियाच्या राज्यात बर्लेस्क थिएटरांची लायसन्स अडवली, नंतर थोडी उघडायला दिली ती सुद्धा पाटीवर बर्लेस्क हा शब्द आणि मिन्स्की हे नाव लावायचं नाही या अटीवर. हाच तो लाग्वार्डिया, ज्याच्या नावाच्या विमानतळावर आपण चेक-इनच्या रांगेत उभे असतो. मला हे वाचताना २००५ चा महाराष्ट्र आठवला, डान्स बार बंदी, तीच भाषा, तरुण पिढी बिघडते, संसार मोडतात वगैरे. ती बंदी सुप्रीम कोर्टात २०१३ मध्ये पडली तोवर त्या बायका कुठल्या कुठे पांगल्या होत्या. शहर कुठलंही असो, नाचणारीचं लायसन्स काढून घेतलं की राज्यकर्त्याला स्वच्छ झाल्यासारखं वाटतं, बघणाऱ्याचं लायसन्स कुणी काढून घेतल्याचं मी तरी ऐकलं नाही.

आणि अजून मागे जायचं तर १८६८. लिडिया थॉम्प्सन नावाची इंग्लिश नटी आपली ब्रिटिश ब्लाँड्स नावाची बायकांची कंपनी घेऊन न्यूयॉर्कला उतरली आणि ग्रीक पुराणातल्या एका कथेचं विडंबन केलं, त्यात पुरुषांच्या भूमिका बायकांनीच केल्या, पायाला घट्ट तंग मोजे घालून, कोट्या करत, राजकारण्यांची टर उडवत. लोकांनी थिएटर डोक्यावर घेतलं आणि पेपरवाल्यांनी नीतिमत्तेच्या नावाने गळे काढले. १८७० मध्ये शिकागो टाइम्सच्या संपादकाने या बायकांबद्दल फारच घाण लिहिलं तर लिडियाबाईंनी भर रस्त्यात त्याला चाबकाने फोडून काढलं! दंड भरला आणि पुढच्या गावी शो केला. आज कुणी नटीने ट्रोलला नुसतं ब्लॉक केलं तरी बातमी होते.

म्हणजे बघा, बर्लेस्कची सुरुवात कपडे काढण्यापासून नाहीच आहे, बाईने पुरुषाचे कपडे घालण्यापासून आहे. आणि त्याच्यानंतर थोड्याच वर्षांनी आपल्याकडे संगीत नाटक उभं राहत होतं तिथं अगदी उलटं, पुरुष नऊवारी नेसून स्त्रीपार्ट करत होते. बालगंधर्वांनी (जन्म १८८८) नेसलेल्या साड्यांच्या, शालूंच्या, नथीच्या फॅशन घरंदाज बायकांनी उचलल्या. म्हणजे बाईने बाईसारखं कसं दिसायचं हे आपल्या पणज्या एका पुरुषाकडून शिकल्या आणि त्यात कुणाला काही वावगं वाटलं नाही. हे मी अमेरिकन मैत्रिणीला सांगितलं तर तिचा विश्वासच बसेना, मग फोटो दाखवले.

हे सगळं एवढ्यासाठी सांगितलं की त्या रात्रीचा जो सगळ्यात भारी अ‍ॅक्ट होता तो याच दुखऱ्या जागेवर बोट ठेवणारा होता.

पण त्याआधी सूत्रसंचालक. सूत्रसंचालन करायला एक ड्रॅग किंग होती, म्हणजे बाई, पण पट्ट्यापट्ट्यांचा सूट, रंगवलेली मिशी, केस चापून बसवलेले, आणि उभं राहणं असं की पानटपरीवरचे तमाम बापू-दादा आठवावेत, कंबर पुढे, हात खिशात, मान किंचित वाकडी. दर अ‍ॅक्टनंतर येऊन ती, म्हणजे तो, आत्ता आपण काय पाहिलं हे आम्हा बायकांना समजावून सांगायचा. "लेडीज, मी जरा सोप्या भाषेत सांगतो हं" टाइप. पहिल्यांदा हसू आलं, दुसऱ्यांदा जास्त आलं, तिसऱ्यांदा मी नवऱ्याकडे बघितलं आणि तो माझ्याकडे बघेना. हा माणूस रोज आमच्या डिश वॉशरमध्ये भांडी कशी लावायची ते मला समजावतो.

तर तो अ‍ॅक्ट. पडदा उघडला आणि एक जण पूर्ण नटून उभी, म्हणजे सिनेमातल्या हिरॉईनलाही लाजवेल असं नटणं, ढीगभर सोनेरी केस, हातभर नखं, पंख्यासारख्या पापण्या, छाती-नितंब सगळं दुप्पट, टाचा केवढ्या. गाणं सुरू झालं आणि तिने काढायला सुरुवात केली, पण झगा नाही. आधी नखं. एकेक नख उपटून स्टेजच्या कडेला ठेवलेल्या काचेच्या बाउलमध्ये, टण्ण. मग पापणी. एक पापणी काढली आणि दुसरी तशीच ठेवून ती प्रेक्षकांकडे बघत राहिली, अर्धा चेहरा बाहुलीचा आणि अर्धा कुणा भलत्याच माणसाचा, आणि तेव्हा जी शिट्टी पडली ना, झगा काढल्यावरही तेवढी पडली नाही नंतर. मग विग, खाली बारीक कापलेले केस. मग झग्याच्या आतून फोमचे तुकडे निघायला लागले, इकडून एक तिकडून एक, संपेचनात, लोक हसून हसून लोळतायत. शेवटी उरला कोण तर बनियन आणि हाफ पँटमधला एक साधा सडसडीत देह, बाई आहे की पुरुष आहे कळायला काही मार्ग नाही, आणि खरं म्हणजे तोवर कुणाला कळून घ्यायचंही नव्हतं. त्या माणसाने खिशातून एक टाय काढला, गळ्यात बांधला, मान ताठ केली, चालण्याची ढब बदलली, आणि दोन सेकंदात समोर पुरुष उभा. मग तोही टाय तितक्याच लाडिकपणे, बोटभर बोटभर सैल करत, काढला आणि त्याच बाउलमध्ये टाकला. नखांवर.

टाळ्या थांबत नव्हत्या. मला एवढंच कळलं की मी इतकी वर्षं ऑफिसला जाताना जे काही तोंडाला फासते त्याचाही एक बाउल भरेल.

यात भाषण एकही नव्हतं हे महत्त्वाचं. कारण याच विषयावर मी ब्रुकलिनला एका जागी (नाव नाही घेत) एक परफॉर्मन्स आर्टचा प्रयोग पाहिलाय, त्यात कलाकाराने अंगभर सरकारी फॉर्म चिकटवले होते आणि स्त्री-पुरुषाच्या चौकटीवर खूण करायची ती जागा मोठ्याने वाचत होता, एक फॉर्म, दुसरा फॉर्म, पंधरावा फॉर्म. मुद्दा पाच मिनिटांत पोचला होता, पुढची पस्तीस मिनिटं आम्ही फॉर्म ऐकत होतो. विषय गंभीर असला की करमणूक केली तर पाप लागतं असं काही लोकांना वाटतं, आपल्या प्रायोगिक रंगभूमीवरही वाटतं. बर्लेस्कवाले त्या बाबतीत पक्के तमासगीर, आधी हसवणार, मग खिशातून काय काढून घेतलं ते घरी गेल्यावर कळणार.

पुरुषांचाही एक अ‍ॅक्ट होता, याला बॉयलेस्क म्हणतात. हेल्मेट-बूट घातलेला बांधकाम मजूर, हातात टेप, स्वतःचंच माप घेत घेत कपडे काढतो. अ‍ॅक्ट विनोदीच होता पण मजा प्रेक्षकांची बघण्यासारखी, सगळ्या बायका आरामात मागे रेलून बघतायत, ओरडतायत, आणि पुरुष मंडळी एकदम ड्रिंकमधला बर्फ ढवळायला लागली. पुरुषाच्या अंगाकडे इतका वेळ टक लावून बघायची सवयच नाही ना कुणाला. बाईच्या अंगाकडे बघायची आहे. नवरा नंतर म्हणाला, "मला कळेचना कुठं बघू." म्हटलं, आम्हाला बाराव्या वर्षापासून असंच होतं रे, रिक्षा स्टँडवरून जाताना.

अजून एक गोष्ट फार आवडली, प्रत्येक अ‍ॅक्टनंतर पडलेले कपडे, पिसं, चमकी उचलायला एक जण येते तिला स्टेज किटन म्हणतात, आणि ती झाडूवाली म्हणून येत नाही, तिचाही ठसका असतो. एक मोजा उचलायला ती अशी वाकते की तिलाही वेगळ्या टाळ्या. कचरा उचलणारीलाही एंट्री देणारा कलाप्रकार, मला तरी हे फार भारी वाटलं.

आता लावणीबद्दल, कारण मराठी माणूस हे बघताना लावणी आठवल्याशिवाय राहूच शकत नाही. सावित्री मेधातुल आणि भूषण कोरगावकरांचा संगीत बारी हा पारंपरिक लावणीचा कार्यक्रम ज्यांनी पाहिला असेल, त्यात शकुंतलाबाई नगरकरांची बैठकीची अदाकारी, त्यांना मी काय म्हणतेय ते लगेच कळेल. नऊवारी अंगभर, पदर डोक्यावरून, बसलेल्या जागेवरून उठायचंसुद्धा नाही, आणि एकाच ओळीवर दहा वेळा फिरून दर वेळी वेगळा अर्थ काढायचा, कधी रुसवा कधी खट्याळपणा कधी सरळ दम, आणि पहिल्या रांगेतल्या एखाद्या काकांना धरून त्यांची अशी फिरकी घ्यायची की काकू जास्त हसतायत. काहीही न काढता. त्या हिशोबाने बघितलं तर हातमोजावाली बाई आणि शकुंतलाबाई एकाच गल्लीतल्या. दोघींचं भांडवल म्हणजे वय, डोळे, आणि समोरच्याला किती ताणायचं याचा अंदाज.

आणि एका बाबतीत आपण सरळ सरळ पुढे आहोत, सॉरी न्यूयॉर्क. ढोलकी! बर्लेस्कचे अ‍ॅक्ट आजकाल बहुतेक सगळीकडे रेकॉर्ड केलेल्या गाण्यावरच होतात, त्यामुळे कलाकाराला गाण्याच्या मागे धावावं लागतं. एखादी नजर रंगली म्हणून अजून चार आवर्तनं थांबावं तर ट्रॅक थोडाच थांबतो. बारीत तसं नाही, बाईने भुवई वर केली की ढोलकीवाला तिथं ठेका धरून उभा, ती सोडेपर्यंत सोडत नाही. जुन्या मिन्स्कींच्या काळात इथंही ड्रमवाला होता, कंबरेच्या हिसक्याला थाप द्यायला, तो पैशापायी गेला असणार. मला वाटतं बर्लेस्कमधली निम्मी गंमत त्याच्याबरोबर गेली. कुणाला राग येवो.

पण दुसऱ्या बाबतीत मला तिथं बसून जरा अस्वस्थ वाटलं तेही सांगते. स्टेजवरून सारखं सांगतात की हे माझं शरीर, माझी निवड, मला हवं म्हणून मी हे करते. छानच आहे, टाळ्या मीही वाजवल्या. पण यातले बरेच जण दिवसा दुसरं काही काम करतात, रात्रीसाठी टोपणनाव घेतात, आणि कंटाळा आला तर सोडूनही देऊ शकतात. लावणीतली बाई कोल्हाटी, डोंबारी अशा समाजात जन्माला आली म्हणून तिच्या पायात चाळ बांधले गेले, तिला कुणी विचारलं नव्हतं, आणि तिचं नाव टोपण नाही, गावाच्या नावासकट ते पोस्टरवर असतं, ते तिच्या पोरांच्या शाळेतही पोचतं. पुरुषांचंही तेच. गणपत पाटलांनी पडद्यावर नाच्या रंगवला आणि लोकांनी तो त्यांच्या घराच्या उंबऱ्यापर्यंत नेऊन चिकटवला, बायको-मुलं असलेल्या माणसाला. न्यूयॉर्कच्या कलाकाराला पापणी काढून बाउलमध्ये टाकता येते. आपल्याकडे ती चिकटूनच राहते. म्हणून जेव्हा कुणी पुण्या-मुंबईचं शिकलेलं पोरगं, आणि हल्ली पोरंही जबरदस्त लावणी करतात, रील्सवर बघताच तुम्ही, "लावणी म्हणजे आपलं बर्लेस्क" असं म्हणतं तेव्हा मला अर्धंच पटतं. नजरेचा खेळ तोच आहे, पण तो खेळायला कुणी आपणहून बसलं आणि कुणाला बसवलं यात फार फरक आहे. अर्थात मिन्स्कींच्या नाचणाऱ्या पोरीही काही हौसेने आल्या नव्हत्या, गरिबीच होती ती. निवड वगैरे बोलायची चैन नंतरच्यांना मिळाली.

दौलतजादा मात्र सेम टू सेम. लोक डॉलरच्या नोटा देतात, आवडलं की देतात, आणि बक्षिसी घेणारीचा तोराही तोच, उपकार तुमच्यावर. एक-एक डॉलरच्या सुट्ट्या नोटा खिशात ठेवून जा, कार्ड दाखवून तिथं काही होत नाही. हात लावायचा नाही, हे सांगायला नको पण सांगते. फोन खिशात ठेवा, एकतर ते सभ्यपणाचं आहे आणि दुसरं म्हणजे स्क्रीनमधून बघाल तर भुवई दिसणार नाही.

बाकी कामाच्या गोष्टी. एफ ट्रेनने सेकंड अव्हेन्यू किंवा डिलॅन्सी-एसेक्सला उतरा, दोन्हीकडून चालत. आयडी लागतोच, भारतातून आलेल्या पाहुण्यांना पासपोर्ट घ्यायला सांगा, पांढरे केस दाखवून चालत नाही. तिकीट आधी ऑनलाइन बघा कारण कुठल्या रात्री काय आहे ते बदलत असतं, आणि जागा लहान असल्याने चांगल्या टेबलासाठी लवकर पोचलेलं बरं. जेवून जा. कॅट्झ डेली जवळ आहे, १८८८ पासूनचं, पण तिथला पास्त्रामी सँडविच म्हणजे डोंगर असतो आणि बीफ आहे, ज्यांना चालत नाही त्यांनी ह्यूस्टनवर दुसरं काही शोधा. दिवसा आलात तर ऑर्चर्ड स्ट्रीटवरच टेनेमेंट म्युझियम आहे, मिन्स्कींचे प्रेक्षक कसल्या खुराड्यात राहायचे ते तिथं बघायला मिळतं, ते बघून रात्री शोला गेलात तर जोडी मस्त जमते.

आणि एक इशारा, मिडटाउनमध्ये टुरिस्टांसाठी डिनरसकट बर्लेस्क म्हणून जे विकतात त्यातला एक शो आम्ही पाहुण्यांच्या आग्रहाने पाहिला (याचंही नाव नाही घेत), सगळ्या पोरी एकाच मापाच्या, एकाच वेळी एकच पाय वर, कुणाच्याही चेहऱ्यावर खोडी नाही, स्टेक गार आणि बिल गरम. तिथं कपडे इथल्यापेक्षा कमी होते आणि कंटाळा चौपट. बर्लेस्क म्हणून हे बघून आलात तर पुन्हा कधी जाणार नाही, म्हणून सांगतेय.

कुणाला नेऊ नये? ज्यांना विनोद समजावून सांगावा लागतो त्यांना. ऑफिसच्या टीम आउटिंगला नका नेऊ, सोमवारी मीटिंगमध्ये अवघड होतं. नवीन लग्न झालेल्यांनी जरूर जा. सासूबाईंना नेऊ का असं एकीने विचारलंय, तर ते सासूबाईंवर आहे बाई, माझ्या सासूबाईंना मी हातमोज्याचा किस्सा फोनवर सांगितला तर त्या म्हणाल्या त्यांच्या लहानपणी जत्रेत एक तमासगीर बाई नुसतं पान खायला एवढा वेळ लावायची की पाटलांचा विडा हातातच सुकायचा, आणि पुढच्या मे महिन्यात येतेय तर दोन तिकिटं काढून ठेव, तुझ्या सासऱ्यांना सांगू नकोस.